नास्तिकाची शपथ

डिसेंबर १८८९ मध्ये मुंबईत राष्ट्रीय सभेचे पाचवे अधिवेशन भरले. अध्यक्षस्थानी सर विल्यम वेडरबर्न होते. परंतु सर्वाधिक कुतूहल होते ते चार्ल्स ब्रॅडलॉ या पाहुण्या ब्रिटिश खासदाराविषयी. पार्लमेंटमध्ये हिंदी जनतेची बाजू हिरिरीने मांडणारा हा गृहस्थ मायदेशी मात्र कुप्रसिद्ध नास्तिक म्हणून ओळखला जात होता.

लंडनमधील एका गरीब कारकुनाच्या घरी २६ सप्टेंबर १८३३ रोजी त्यांचा जन्म झाला. चर्चच्या रविवारच्या शाळेत मुलांना शिकवीत असताना शुभवर्तमाने आणि चर्चची धर्मकलमे यांच्यातील विसंगती या मुलाच्या ध्यानात आली. त्याने धर्मगुरूकडे खुलासा मागितला. धर्मगुरूने त्याला नास्तिक ठरवून शिकविण्यास बंदी केली आणि पुढे त्याला घरही सोडावे लागले. वास्तविक तेव्हा त्याच्या मनात केवळ शंका होत्या. नास्तिक हे विशेषण आधी चिकटले, नास्तिक्य मागाहून आले.

काही वर्षे सैन्यात काढल्यावर ते वकिलाच्या कचेरीत नोकरी करू लागले आणि मूर्तिभंजक या अर्थाच्या टोपणनावाने व्याख्याने देऊ लागले. १८६६ मध्ये त्यांनी नॅशनल सेक्युलर सोसायटी स्थापन केली. त्यांचे नास्तिक्य लोक समजत तितके सरधोपट नव्हते. ईश्वर या शब्दाचा निश्चित अर्थ कोणी सांगत नाही तोवर तो नाकारण्याचाही प्रश्न उद्भवत नाही, आणि सृष्टीबाहेरच्या कर्त्याची जी कल्पना सांगितली जाते ती स्वीकारता येत नाही, अशी त्यांची मांडणी होती. टी. एच. हक्स्ले यांनी १८६९ मध्ये अज्ञेयवाद हा शब्द घडविला. जेथे पुरावा नाही तेथे जाणत असल्याचा दावा करू नये, हा त्यांचा दंडक. दोन्ही भूमिकांतील अंतर फार नव्हते. पण हक्स्लेंचा शब्द प्रतिष्ठितांच्या दिवाणखान्यात चालला, ब्रॅडलॉंचा चालला नाही. जॉर्ज होलिओक यांची वाट आणखी निराळी होती. धर्मावर हल्ला न करताही ऐहिक नीतीने जगता येते, असे ते म्हणत. जमीन साफ केल्याविना पेरणी होत नाही, असा ब्रॅडलॉंचा आग्रह. १८७० मध्ये दोघांचा या प्रश्नावर जाहीर वादविवादही झाला.

१८८० मध्ये नॉर्दम्प्टन या चर्मकारागिरांच्या गावाने त्यांना निवडून दिले. ईश्वराच्या नावाने शपथ घेण्याऐवजी प्रतिज्ञा करू द्यावी, अशी त्यांनी विनंती केली. ती फेटाळली गेली. मग शपथ घेण्याची तयारी दाखविली, तर नास्तिकाच्या तोंडची शपथ निरर्थक म्हणून तीही नाकारण्यात आली. सभागृह सोडण्यास नकार दिल्यामुळे त्यांना घड्याळाच्या मनोऱ्यात एक रात्र कैदेत ठेवले गेले. १८८१ च्या ऑगस्टमध्ये त्यांना ओढत बाहेर काढले. झटापटीत कोट फाटला. १८८२ मध्ये त्यांनी खिशातून पुस्तक काढून स्वतःच स्वतःला शपथ दिली, तेव्हा त्यांची हकालपट्टी झाली. मतदार मात्र त्यांना पुन्हा पुन्हा निवडून देत राहिले. आपल्या श्रद्धेपेक्षा आपल्या मताचा अपमान त्यांना अधिक झोंबला असावा. अखेर जानेवारी १८८६ मध्ये नव्या सभापतींनी कोणाचीही हरकत ऐकून न घेता शपथ होऊ दिली. दोन वर्षांनी ब्रॅडलॉंच्याच विधेयकाने शपथेऐवजी प्रतिज्ञेचा हक्क कायद्यात आला. धर्माला अखेरपर्यंत विरोध करणाऱ्या या माणसाने कायद्याकडून कोणाच्या उपासनेवर बंदी मागितली नाही. मागितली ती समान वागणूक.

मुंबईला ते आजारातून उठून आले होते. परतल्यावर त्यांनी हिंदुस्थानातील कायदेमंडळांच्या सुधारणेचे विधेयक मांडले, परंतु प्रकृती साथ देईना. २७ जानेवारी १८९१ रोजी पार्लमेंटने त्यांना मज्जाव करणारा १८८० चा ठराव कामकाजाच्या नोंदीतून काढून टाकला. ब्रॅडलॉ तेव्हा बेशुद्धावस्थेत होते. ही वार्ता त्यांना कळलीच नाही. ३० जानेवारीला त्यांचे निधन झाले.

ब्रुकवुडच्या दफनभूमीत धार्मिक विधींविना त्यांना निरोप देण्यात आला. लंडनमधील हिंदी रहिवासी मोठ्या संख्येने तेथे लोटले. त्यांत कायद्याचे शिक्षण घेणारा मोहनदास गांधी हा एकवीस वर्षांचा तरुणही होता. अंत्ययात्रेला काही पाद्रीही आल्याचे त्याने पुढे आत्मकथेत नमूद केले आहे.