मिमार सिनान : घुमटाचा भार वाहणारा

मस्जिदीचा घुमट आपल्याला निश्चल दिसतो. पण तो खालच्या भिंतींना अहोरात्र बाहेर रेटत असतो. हा रेटा जमिनीपर्यंत कसा पोहोचवावा, या एका प्रश्नावर उस्मानी साम्राज्याचे मुख्य वास्तुकार सिनान यांनी जवळजवळ पन्नास वर्षे काम केले.

त्यांचा जन्म १४९०च्या सुमारास, अनातोलियातील कैसेरीजवळच्या एका खेड्यात, ख्रिस्ती घरात झाला. सक्तीच्या भरतीत ते सुलतानाच्या सैन्यात गेले आणि मुसलमान झाले. मोहिमांत पूल, नौका बांधता बांधता हात तयार झाला. १५३८ मध्ये प्रुत नदीच्या दलदलीवर त्यांनी अवघ्या काही दिवसांत पूल उभा केला. लवकरच मुख्य वास्तुकाराचे पद त्यांच्याकडे आले.

इस्तंबूलमध्ये आयासोफिया त्यांच्या डोळ्यांसमोर होती. ५३७ मध्ये पूर्ण झालेल्या त्या वास्तूचा पहिला घुमट ५५८ मध्ये कोसळला होता. सुलेमानिया मस्जिद (१५५०–१५५७) बांधताना सिनान यांनी घुमट चार प्रचंड खांबांवर ठेवला, दोन बाजूंना अर्धघुमटांचा टेकू दिला. उरलेल्या दोन बाजूंचे काय? तेथील आधाराच्या जाड भिंती त्यांनी अर्ध्या आत, अर्ध्या बाहेर घेतल्या आणि पुढे कमानींच्या ओवऱ्या उभारून झाकल्या. आपण तेथे गेलात तर सौंदर्य म्हणून जे पाहाल, त्यातले बरेचसे प्रत्यक्षात ओझे वाहत आहे. खांबांच्या माथ्यांवरील छोटे मनोरेही नुसती शोभा नव्हेत. त्यांचे वजन खांबाला खाली दाबते, त्यामुळे बाहेर जाणारा रेटा जमिनीकडे वळतो.

वयाच्या ऐंशीच्या आसपास त्यांनी एदिर्नेची सेलिमिया हाती घेतली. येथे खांब आठ, घुमटाचा व्यास ३१ मीटरहून अधिक. भार आठ ठिकाणी वाटला गेल्याने भिंतींत खिडक्यांना मुबलक जागा मिळाली. ही आपली सर्वश्रेष्ठ कृती, असे त्यांचे स्वतःचे मत होते. माझ्या मते ते रास्त आहे.

त्याच सुमारास, १५७३ मध्ये, त्यांच्याकडे आयासोफियाच्या दुरुस्तीचे काम आले. भिंतींना खेटून लोकांनी घरे बांधली होती. ती हटवून सिनान यांनी त्या हजार वर्षांच्या, दुसऱ्यांनी बांधलेल्या इमारतीला भक्कम आधार दिले. १५८८ मध्ये त्यांचे निधन झाले. सुलेमानियाच्या आवाराबाहेरील कोपऱ्यात त्यांची लहानशी कबर आहे.