रॉबर्ट स्मॉल्स : गुलाम, कप्तान आणि मताच्या हक्काचा पहारेकरी

शौर्याचे कौतुक कोणत्याही सत्तेला स्वस्तात पडते. शूराच्या गळ्यात हार घालता येतो, त्याच्या हाती बक्षीस ठेवता येते. कसोटी लागते ती त्यानंतर. तोच शूर घर, शाळा आणि मताचा हक्क मागायला उभा राहतो तेव्हा कालचे कौतुक करणारे किती जण त्याच्या बाजूला उरतात? अमेरिकेतील रॉबर्ट स्मॉल्स यांचे जीवन हाच प्रश्न आमच्यापुढे ठेवते.

५ एप्रिल १८३९ रोजी साउथ कॅरोलिना राज्यातील ब्यूफर्ट या बंदराच्या गावी, गोऱ्या मालकाच्या घरामागील खोपटात त्यांचा जन्म झाला. आई लिडिया त्या घरची गुलाम. म्हणून मुलगाही जन्मतःच गुलाम. वयाच्या बाराव्या वर्षी मालकाने त्यांना चार्ल्सटन शहरात मजुरीला धाडले. हॉटेलात काम केले, रस्त्यावरचे दिवे लावले, गोदीत हमाली केली, शिडे शिवली. कमाई मालकाच्या खिशात जायची आणि त्यांच्या हाती आठवड्याला एक डॉलर यायचा. हॅना नावाच्या गुलाम स्त्रीशी त्यांनी लग्न केले. पत्नी आणि लेक यांना विकत घेऊन मुक्त करायचे तर मालकाने किंमत सांगितली ८०० डॉलर. गाठीला जेमतेम १०० होते. आपल्याच बायको-मुलांची किंमत मोजावी लागणे, यापेक्षा मोठी विटंबना कोणती?

१८६१ मध्ये यादवी युद्ध पेटले. गुलामगिरी टिकवण्यासाठी दक्षिणेतील राज्ये देशातून फुटून निघाली. बंडखोर लष्कराच्या प्लँटर या जहाजावर स्मॉल्स यांना जुंपण्यात आले. बंदरातील प्रत्येक वळण त्यांना पाठ होते, सुकाणू त्यांच्याच हाती असे. पण पायलट ही पदवी गोऱ्यांसाठी राखीव होती. म्हणून काम पायलटचे आणि नाव फक्त सुकाणू धरणाऱ्याचे! गुणाला जात चिकटवण्याची ही रीत आमच्या वाचकांना नव्याने सांगायला नको.

१३ मे १८६२ ची पहाट. जहाजावरचे तिन्ही गोरे अधिकारी रात्री घरी झोपायला गेले होते. स्मॉल्स यांनी कप्तानाचा कोट चढवला, त्याची गवती टोपी डोक्यावर ओढली आणि जहाज हलवले. दुसऱ्या धक्क्यावरून बायकामुलांना घेतले. पुढे एकामागून एक किल्ले होते. प्रत्येक ठिकाणी ठरलेली शिटी वाजवायची आणि कप्तानाच्या ऐटीत उभे राहायचे. एक शिटी चुकली असती तर तोफांनी सगळ्यांच्या चिंधड्या उडवल्या असत्या. सम्टर किल्ला मागे पडला तसा बंडखोरांचा झेंडा उतरवून पांढरी चादर चढवली. समोरचे सरकारी जहाज तोफ डागणार, तोच ती चादर दिसली. सोळा माणसे मुक्त झाली. सोबत तोफा, दारूगोळा आणि शत्रूच्या संकेतांची वहीही सरकारच्या हाती आली. स्मॉल्स त्यावेळी अवघे तेवीस वर्षांचे होते.

सरकारने बक्षीस दिले. मात्र जहाजाची किंमत फारच कमी धरली आणि स्मॉल्स यांच्या वाट्याला १,५०० डॉलर आले. त्यांनी त्या पैशावर समाधान मानून स्वस्थ बसणे पसंत केले नाही. ऑगस्ट १८६२ मध्ये ते वॉशिंग्टनला गेले, काळ्या माणसांना सैन्यात घ्या म्हणून युद्धमंत्री स्टँटन यांच्यापुढे बाजू मांडली आणि पाच हजार काळ्या स्वयंसेवकांना भरती करण्याची परवानगी घेऊन परतले. डिसेंबर १८६३ मध्ये प्लँटरवर तोफांचा मारा सुरू झाला तेव्हा गोरा कप्तान कोळशाच्या कोठारात लपला. स्मॉल्स यांनी सुकाणू सोडले नाही. जहाज सुखरूप आणले आणि त्याच जहाजाचे कप्तान झाले. तरीही १८६४ मध्ये फिलाडेल्फियात गोऱ्या उतारूसाठी जागा सोडण्याची वेळ आली आणि युद्धवीराला ट्राममधून उतरावे लागले. तेही गुलामगिरीविरुद्ध लढणाऱ्या उत्तरेत! याच शहरात त्यांनी लिहायला-वाचायला शिकून घेतले.

युद्धकाळातच, कर थकल्यामुळे सरकारने लिलावात काढलेले जुन्या मालकाचे घर त्यांनी विकत घेतले. ज्या घरामागच्या खोपटात जन्म झाला, त्याच घराची मालकी आता त्यांची! ती मालकी मोडण्यासाठी खटला झाला, तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १८७८ मध्ये स्मॉल्स जिंकले. त्यांनी भागीदारीत दुकान काढले. काळ्या मुलांच्या शाळेसाठी इमारत घेतली. चार्ल्सटनमध्ये मालवाहतुकीसाठी घोड्यांनी ओढायच्या रेल्वेची कंपनी उभी राहिली, तिचे बहुतेक संचालक काळे होते आणि त्यात स्मॉल्स होते. १८७२ मध्ये वृत्तपत्रही सुरू केले. धंदा हाती असेल तर मान कोणापुढे झुकवावी लागत नाही, हे त्यांनी ओळखले होते.

१८६८ मध्ये साउथ कॅरोलिनाच्या नव्या संविधानासाठी सभा भरली. स्मॉल्स तिचे सदस्य होते. सर्व मुलांसाठी मोफत आणि सक्तीच्या शिक्षणाचा आग्रह त्यांनी तेथे धरला. अक्षरओळख वयाच्या पंचविशीत झालेल्या माणसाने ही मागणी करावी, याचा अर्थ आम्ही नीट समजून घ्यावा. पुढे ते राज्याच्या विधिमंडळात गेले आणि १८७३ मध्ये राज्याच्या सैन्यदलात मेजर जनरल झाले. योगायोग असा की, त्याच १८७३ मध्ये महात्मा जोतीराव फुले यांनी आपला गुलामगिरी हा ग्रंथ अमेरिकेत गुलामांची मुक्तता करणाऱ्या सज्जनांना अर्पण केला. १८७५ मध्ये स्मॉल्स राष्ट्रीय संसदेत पोहोचले. १८८७ पर्यंत, मध्ये खंड पडत, ते तेथे होते.

पण प्रस्थापित गप्प बसले नव्हते. लाल सदरे घातलेल्या सशस्त्र टोळ्या काळ्या मतदारांना धमकावू लागल्या. १८७७ मध्ये स्मॉल्स यांच्यावर सरकारी छपाईच्या कंत्राटात ५,००० डॉलर लाच घेतल्याचा खटला भरला आणि तीन वर्षांची शिक्षा झाली. मुख्य साक्षीदार स्वतःच त्या घोटाळ्यातला होता. पुढे निवडणुकीतील गैरप्रकारांचे गोऱ्या पुढाऱ्यांवरील खटले मागे घेण्याच्या तडजोडीत, १८७९ मध्ये गव्हर्नरने त्यांना माफी दिली. ज्या खटल्याचा निकाल असा सौद्यात लागतो, त्यात न्याय किती आणि राजकारण किती, हे वाचकांनीच ठरवावे.

निर्णायक घाव बसला १८९५ मध्ये. काळ्यांचे मत काढून घेण्यासाठीच बेन टिलमन यांच्या पुढाकाराने नवी संविधान सभा बोलावली गेली. तिच्यात काळे सदस्य होते फक्त सहा. साक्षरतेची परीक्षा, मालमत्तेची अट, मतदानाचा कर अशी कलमे आली. काळा हा शब्द न लिहिता काळ्यांना वगळण्याची ही युक्ती होती. परीक्षा घेणारा अधिकारी गोरा, मग उत्तीर्ण कोण होणार? स्मॉल्स लढले, हरले, पण सही केली नाही. सही नसेल तर प्रवासखर्च मिळणार नाही असे बजावल्यावर त्यांनी पायी घरी जाण्याची तयारी दाखवली.

नौदलाने त्यांना रीतसर कप्तानपद दिलेच नव्हते, या सबबीवर निवृत्तिवेतनही अडवले गेले. शेवटी १८९७ मध्ये संसदेला खास कायदा करून ते द्यावे लागले. लढाईत जीव धोक्यात घालताना कागद कोणी तपासला नव्हता! ब्यूफर्टच्या बंदरात त्यांनी अनेक वर्षे जकात अधिकारी म्हणून काम केले. १९१३ मध्ये राष्ट्राध्यक्ष विल्सन यांच्या राजवटीत ते पदही गेले. २३ फेब्रुवारी १९१५ रोजी, आपल्याच घरात त्यांनी देह ठेवला.

२०२३ मध्ये अमेरिकी नौदलाने एका युद्धनौकेला स्मॉल्स यांचे नाव दिले. त्या नौकेला आधी बंडखोरांनी जिंकलेल्या लढाईचे नाव होते. सन्मान झाला, आनंद आहे. पण १८९५ मध्ये हिरावलेले मत साउथ कॅरोलिनाच्या काळ्या जनतेला खऱ्या अर्थाने परत मिळाले ते १९६५ च्या मतदान हक्क कायद्याने. मधली सत्तर वर्षे कोण भरून देणार?

स्मॉल्स दोन्ही संविधान सभांत बसले. एकीत हक्क लिहिले गेले, दुसरीत तेच हक्क कायदेशीर शब्दांत पुसले गेले. हातात आलेला हक्क कायमचा आपला झाला, असे समजून झोपी जाणाऱ्यांनी हे चरित्र वाचावे. जहाज पळवायला एक रात्र पुरली. मिळालेल्या हक्कावर पहारा मात्र पिढ्यानपिढ्या द्यावा लागतो, आणि तो आपणच द्यायचा असतो.