कोल्हापूरच्या पेंटरनं घरीच कॅमेरा बनवला आणि थेट सावकाराशी पंगा घेतला

आडनाव मेस्त्री. पण नाटकांचे पडदे रंगवता रंगवता लोक त्यांना बाबुराव पेंटर म्हणू लागले. सिनेमा काढायचा तर कॅमेरा हवा, म्हणून भाऊ आनंदरावांसोबत त्यांनी तो स्वतःच बनवायला घेतला. १९१६ मध्ये आनंदराव गेले. काम अर्धवट राहिलं, पण बाबुरावांनी दामलेंच्या मदतीनं ते १९१८ पर्यंत तडीस नेलं.

याच कॅमेऱ्यावर १९२० चा 'सैरंध्री' झाला. पुरुषांनीच लुगडं नेसायच्या त्या काळात यात बायकांच्या भूमिका बायकांनी केल्या. कीचकवध तर इतका खरा वाटला की सेन्सॉरनं कात्री लावली.

देवादिकांचे सिनेमे चालत असताना १९२५ मध्ये त्यांनी 'सावकारी पाश' काढला. जमीन गमावून गिरणीत राबणारा शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. आज या सिनेमाचं नाव आदरानं घेतात, तेव्हा मात्र प्रेक्षकांनी पाठ फिरवली.

१९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम बाहेर पडले आणि 'प्रभात' उभी राहिली. बाबुरावांनी हट्ट सोडला नाही. १९३६ मध्ये तोच 'सावकारी पाश' त्यांनी पुन्हा काढला, यावेळी बोलपट.