एका थपडेत हिरॉईनचं करिअर गेलं, पण त्याच डोळ्यानं ललिता पवारांना अख्ख्या देशाची खाष्ट सासू केलं

१९८७ साली रविवारी सकाळी दूरदर्शनवर ‘रामायण’ लागायचं. एक डोळा बारीक करून कैकेयीचे कान भरणारी मंथरा दिसली की लोकांचं डोकं फिरायचं. पण तो बारीक डोळा काही अभिनय नव्हता. ती पंचेचाळीस वर्षं जुनी दुखापत होती.

ललिता पवारांचं मूळ नाव अंबिका. जन्म १९१६ चा, गाव नाशिक जिल्ह्यातलं येवला. वडील रेशमी आणि सुती कापडाचे व्यापारी. घरी पैसा होता, पण मुलींनी शाळेत जायची पद्धत नव्हती, म्हणून शाळा नाही. सिनेमात मात्र त्या लहानपणीच आल्या, तेही मूकपटांच्या जमान्यात. पुढं हिरॉईन झाल्या. १९३२ च्या ‘कैलाश’मध्ये काम तर केलंच, शिवाय निर्मितीतही वाटा उचलला. बोलपट आल्यावर स्वतःची गाणी स्वतःच गायल्या.

आणि मग आलं १९४२. ‘जंग-ए-आझादी’चं शूटिंग चालू होतं. सीनमध्ये भगवानदादांनी त्यांना थोबाडीत मारायची होती. हात जरा जास्तच जोरात बसला. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डाव्या डोळ्याची नस फुटली. जवळपास तीन वर्षं उपचार चालले, पण डोळा पहिल्यासारखा झालाच नाही. वय होतं जेमतेम २६. हिरॉईनचे रोल संपले.

पण काम थांबलं नाही. १९४४ च्या प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या, तीच ‘ध’चा ‘मा’वाली. तिथून पुढं खाष्ट सासू, कजाग आत्या आणि कारस्थानी बायकांचे रोल त्यांच्याकडं येत राहिले.

तरी त्यांना फक्त खलनायिका म्हणणं अन्यायाचं आहे. १९५५ चंच घ्या. ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये मधुबालाचा संसार मोडायला निघालेली श्रीमंत आत्या त्याच, आणि ‘श्री ४२०’मध्ये राज कपूरला माया लावणारी केळेवाली गंगामाईही त्याच. तेव्हा त्या चाळिशीच्याही नव्हत्या! १९५९ मध्ये तर ‘सुजाता’त जातपात पाळणारी म्हातारी आणि ‘अनाडी’त मायाळू मिसेस डिसा. या मिसेस डिसानं त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळवून दिलं. १९६२ च्या ‘प्रोफेसर’मध्ये म्हाताऱ्याचं सोंग घेतलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडणारी करडी बाई त्यांनी केली. ती बघताना हसू येतं आणि तिची दयाही येते.

१९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’मध्येही मंथरा त्याच होत्या. २६ वर्षांनी रामानंद सागर यांना मालिकेसाठी मंथरा हवी होती, तेव्हा त्यांनीही ललिता पवारांनाच घेतलं.

२४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात औंधच्या बंगल्यात त्या गेल्या. घरात दुसरं कुणी नव्हतं. पती दवाखान्यात होते. त्या गेल्याचं कळायलाही दोन दिवस लागले.