कोर्टाने नवऱ्याकडे जायला सांगितलं, रखमाबाईंनी तुरुंगात जायची तयारी दाखवली

४ मार्च १८८७. मुंबई हायकोर्टात न्यायमूर्ती फॅरन यांनी निकाल दिला. २२ वर्षांच्या रखमाबाईंनी नवऱ्याच्या घरी नांदायला जावं, नाही तर सहा महिने तुरुंगात बसावं.

रखमाबाईंनी कळवून टाकलं की तुरुंग चालेल.

आज त्यांची ओळख भारतातल्या सुरुवातीच्या महिला डॉक्टरांपैकी एक अशी आहे. पण डॉक्टर होण्याआधीच त्यांचं नाव मुंबईपासून लंडनपर्यंतच्या पेपरात गाजलं होतं, ते या खटल्यामुळे.

रखमाबाईंचा जन्म २२ नोव्हेंबर १८६४ चा, मुंबईतला. वडील जनार्दन पांडुरंग लवकर गेले. आई जयंतीबाई अगदी तरुण वयात विधवा झाल्या. त्यांच्या सुतार समाजात विधवेला पुन्हा लग्न करता येत होतं. जयंतीबाईंनी डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी लग्न केलं आणि पहिल्या नवऱ्याची मालमत्ता मुलीच्या नावावर केली. ही मालमत्ता लक्षात ठेवा, पुढे वादात तिचाही विषय निघाला.

सखाराम अर्जुन हे ग्रँट मेडिकल कॉलेजमध्ये शिकवणारे डॉक्टर, वनस्पतींचे अभ्यासक. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संस्थापकांमध्येही त्यांचं नाव आहे. एवढा शिकलेला माणूस, पण त्यांच्याही घरात मुलीचं लग्न ११ व्या वर्षी लागलं. नवरा दादाजी भिकाजी साधारण २० वर्षांचे, नात्यातलेच. मात्र सखाराम अर्जुन यांनी मुलीला लहान वयात सासरी पाठवायला नकार दिला. रखमाबाई माहेरीच राहिल्या आणि जमेल तसं घरीच शिकत गेल्या.

१८८४ मध्ये दादाजींनी कोर्टात दावा लावला. बायको माझी आहे, तिला माझ्या घरी पाठवा, अशी त्यांची मागणी. रखमाबाईंचं म्हणणं होतं की नकळत्या वयात लावून दिलेलं हे लग्न त्यांच्यावर बंधनकारक नाही.

तर, ज्या कायद्याच्या आधारे हा दावा लागला तो ना हिंदू धर्मशास्त्रातला, ना इथल्या रूढीतला. तो इंग्लंडच्या चर्चच्या कोर्टांमधून इथे आला होता. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्ही यांनी नेमक्या याच मुद्द्यावर रखमाबाईंच्या बाजूने निकाल दिला. इंग्लंडमधला हा कायदा सज्ञान माणसांच्या लग्नासाठी होता, असाहाय्य वयात लग्न लावलेल्या मुलीवर तो लादता येणार नाही, असं त्यांनी मांडलं. गंमत म्हणजे खुद्द इंग्लंडने अशा प्रकरणातली तुरुंगवासाची शिक्षा १८८४ मध्येच काढून टाकली होती. भारतात ती तशीच होती.

निकालावर मोठा गदारोळ झाला. लोकमान्य टिळकांच्या 'केसरी'ने रखमाबाईंच्या विरोधात भूमिका घेतली. बेहरामजी मलबारी यांच्यासारखे सुधारक त्यांच्या पाठीशी उभे राहिले. स्वतः रखमाबाईंनी 'टाइम्स ऑफ इंडिया'त 'एक हिंदू स्त्री' अशा अर्थाच्या टोपणनावाने बालविवाहावर पत्रं लिहिली. याच काळात, १८८५ मध्ये, सखाराम अर्जुन वारले. सर्वात मोठा आधार खटला ऐन रंगात असताना गेला.

दादाजींनी अपील केलं, पिन्हींचा निकाल फिरला आणि प्रकरण १८८७ च्या त्या आदेशापर्यंत आलं.

राणी व्हिक्टोरियाने हे लग्न मोडलं, असं अनेक पोस्टमध्ये वाचायला मिळतं. प्रत्यक्षात १८८८ मध्ये तडजोड झाली. दादाजींनी २००० रुपये घेतले आणि आदेशाची अंमलबजावणी सोडून दिली. रखमाबाईंना तुरुंगात जावं लागलं नाही.

कामा हॉस्पिटलच्या डॉ. एडिथ पीची यांनी त्यांना वैद्यकीय शिक्षणासाठी प्रोत्साहन दिलं. १८८९ मध्ये रखमाबाई इंग्लंडला गेल्या आणि लंडन स्कूल ऑफ मेडिसिन फॉर विमेनमध्ये दाखल झाल्या. १८९४ मध्ये त्या डॉक्टर झाल्या. आनंदीबाई जोशींनी त्यांच्याआधी पदवी मिळवली होती, पण आजारपणाने त्यांना प्रॅक्टिस करू दिली नाही. रखमाबाईंना मात्र पुढे सुमारे ३५ वर्षं मिळाली. आधी सुरत, मग राजकोट. पुरुष डॉक्टरांसमोर यायला तयार नसलेल्या बायका आणि त्यांची बाळंतपणं, हेच त्यांचं काम.

त्यांनी पुन्हा लग्न केलं नाही. १९०४ मध्ये दादाजी वारले तेव्हा मात्र त्यांनी विधवेची पांढरी साडी नेसायला सुरुवात केली. ज्या लग्नाला कोर्टात नाकारलं त्याचा वेश त्यांनी का स्वीकारला, हे कोडंच आहे. त्याच रखमाबाईंनी निवृत्तीच्या सुमारास पडदा पद्धत बंद व्हावी म्हणून पुस्तिकाही लिहिली.

मे १९५५ मध्ये स्वतंत्र भारताचा हिंदू विवाह कायदा लागू झाला. त्यात वधूचं किमान वय १५ ठरलं, घटस्फोटाची तरतूद आली. पण कलम ९ मध्ये जोडीदाराला नांदायला बोलावण्याचा तो दावाही राहिला. तुरुंगवास तेवढा गेला होता. पुढे चारच महिन्यांनी, २५ सप्टेंबर १९५५ ला, रखमाबाई गेल्या. वय ९०.

कलम ९ आजही कायद्यात आहे.