अ‍ॅनिमेचा आर्ट डायरेक्टर आणि आपले साहेबमामा

अ‍ॅनिमे बघताना आपलं लक्ष पात्रांवर असतं. मागची गल्ली, आभाळ, संध्याकाळचा उजेड कसा दिसावा हे ठरवतो तो आर्ट डायरेक्टर. सोलापुरात कुणी मला हे काम समजावून सांगा म्हटलं, की मी जपानच्या आधी शेख फत्तेलाल ऊर्फ साहेबमामांचं नाव घेतो.

१८८६ साली जन्मलेले फत्तेलाल कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्यासोबत चित्रकला आणि कॅमेरा, दोन्हींत तयार झाले. १९२९ साली प्रभात कंपनी काढणाऱ्यांत ते होते. 'अयोध्येचा राजा', 'अमृतमंथन' यांचं कलादिग्दर्शन त्यांचंच.

खरी गंमत इथं आहे. चित्रकार रंगात विचार करतो. पण तेव्हाची फिल्म कृष्णधवल. डोळ्याला वेगळे दिसणारे लाल आणि हिरवा पडद्यावर एकसारखे राखाडी होऊ शकतात. म्हणजे सेट रंगानं नाही, उजेड-सावलीनं उभा करायचा.

१९३६ साली दामल्यांसोबत त्यांनी 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला, कलादिग्दर्शनही त्यांचंच. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याची दखल घेतली गेली. आमच्या जिल्ह्यातल्या पंढरपूरची वाट चालणाऱ्या तुकोबांचं देहू पडद्यावर उभं केलं ते एका मुसलमान चित्रकारानं. १९६४ साली ते गेले. आज तुकाराम झालेले पागनीस लोकांना आठवतात, साहेबमामा फारसे नाही. पुढच्या वेळी सिनेमा बघाल तेव्हा जरा मागेही बघा.