नामा नेमका कोणता? श्रीनामदेवराय चरित्र आणि त्यांची नाममुद्रा

श्रीपंढरीनाथाच्या कृपेने आज आम्ही नामदेवरायांच्या चरित्राकडे वळत आहो. चरित्र तर लहानपणापासून ऐकलेले, कीर्तनात शेकडो वेळा आलेले. मग पुन्हा सांगण्याचे प्रयोजन काय? प्रयोजन असे की, वाटचालीत, फडावर, सप्ताहाच्या मांडवात एक प्रश्न हटकून निघतो. गाथेत कुठे नामा म्हणे अशी मुद्रा, कुठे विष्णुदास नामा अशी. हे दोघे एकच की निराळे? कोणी म्हणतो, निराळे म्हणणारा संतनिंदक. कोणी शहाणपणाने सांगतो, अहो, नामदेव पाचसहा होऊन गेले, तुमचा कोणता ते तुम्हालाच ठाऊक नाही. दोघेही हट्टास पेटतात आणि भजन बाजूला राहते. म्हणून आधी चरित्र सांगू आणि मग मुद्रेचा विचार करू. चरित्र नीट समजले म्हणजे मुद्रेचा गुंता निम्मा सुटतो, असा आमचा अनुभव आहे.

नामदेवरायांचा जन्म शके ११९२, म्हणजे इसवी सन १२७०, कार्तिक शुद्ध एकादशीचा मानतात. घराणे नरसी बामणीचे. हे गाव हल्लीच्या हिंगोली जिल्ह्यात येते. वडील दामाशेटी, माता गोणाई, जात शिंप्याची, धंदा कपडे शिवण्याचा आणि घरात पंढरीची वारी. वडील बाहेर गेले असता मूल नैवेद्य घेऊन देवळात गेले आणि देव जेवत नाही म्हणून रडू लागले, ही कथा ठाऊक नाही असा वारकरी मिळणार नाही. पत्नी राजाई, मुले नारा, विठा, गोंदा, महादा, आणि घरची दासी जनाबाई. हे सगळे घर अभंग रचणारे. पण म्हणून संसार सुखाचा होता असे नाही. मुलगा दुकान टाकून देवळात बसतो म्हणून गोणाई देवाशी भांडली, आणि घरात दाणा नाही म्हणून राजाई कळवळली. हे त्या घरच्याच अभंगांतून आपल्यापर्यंत आले आहे. संतांच्या घरीही चूल पेटवावी लागते, हे या घराने लपवून ठेवले नाही.

ज्ञानोबाराय नामदेवांहून पाच वर्षांनी लहान. दोघांची भेट झाली आणि नामदेवांच्या आयुष्याला वळण लागले. तेरढोकीस गोरोबाकाकांच्या घरी संतांचा मेळा जमला असता काकांनी थापटणे हाती घेऊन एकेकाचे मडके तपासले, आणि कच्चे मडके निघाले ते नामदेवांचे. देवाशी बोलणारा लाडका भक्त, आणि त्यालाच कच्चा ठरविला! नामदेव रागावले, रडले, देवाकडे गाऱ्हाणे घेऊन गेले. पण अखेर औंढ्या नागनाथास विसोबा खेचरांच्या पायाशी जाऊन बसले. विसोबा पिंडीवर पाय ठेवून निजलेले. पाय उचलून दुसरीकडे ठेवावेत तर तिथेही पिंड. पंढरीत विटेवर उभा आहे तोच सर्वत्र भरला आहे, हे नामदेवांना तिथे कळले. ज्यास आपला कच्चेपणा चारचौघांत सोसता आला, त्याचेच पुढे मोठेपण झाले.

पुढे ज्ञानोबारायांबरोबर तीर्थयात्रा झाली. शके १२१८ म्हणजे १२९६ साली कार्तिक वद्य त्रयोदशीस ज्ञानोबाराय आळंदीस समाधिस्थ झाले, तेव्हा नामदेव सव्वीस वर्षांचे होते. त्या प्रसंगाचे अभंग कीर्तनात लागले म्हणजे आजही मंडपात डोळे कोरडे राहत नाहीत. आदि, तीर्थावळी आणि समाधि या प्रकरणांतून नामदेवांनी ज्ञानोबारायांचे आणि त्यांच्या भावंडांचे चरित्र गाऊन ठेवले. म्हणजे आपल्या संप्रदायातले पहिले संतचरित्रकारही नामदेवच. कीर्तनाच्या रंगी नाचण्याची आपली रीतही त्यांच्यापासूनच सांगतात.

ज्ञानोबारायांच्या मागे नामदेव चौपन्न वर्षे राहिले, हे आपण पुष्कळदा विसरतो. एवढ्या काळात त्यांनी उत्तरेत भागवत धर्म नेला. पंजाबात गुरुदासपूर जिल्ह्यातले घुमान हे त्यांच्या वास्तव्याचे स्थान म्हणून तिथले लोक मानतात, आणि बाबा नामदेव म्हणून त्यांची पूजा करतात. २०१५ साली अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन त्याच घुमानला भरले, तेव्हा इकडची पुष्कळ माणसे तिथली माती कपाळी लावून आली. शिखांचे पाचवे गुरू अर्जनदेव यांनी १६०४ साली आदिग्रंथ सिद्ध केला, त्यात नामदेवांची एकसष्ट पदे अठरा रागांखाली घेतलेली आहेत.

मंगळवेढ्यास गावकुसाचे काम चालू असता शके १२६० म्हणजे १३३८ साली भिंत कोसळली आणि तिच्याखाली चोखोबाराय गेले. त्यांच्या अस्थी आणावयास नामदेवराय गेले. त्यांची कथा पुढे पुन्हा सांगावयाची आहे, म्हणून इथे थांबतो. शके १२७२, इसवी सन १३५०, आषाढ वद्य त्रयोदशीस ऐंशी वर्षांचे नामदेवराय पंढरीस महाद्वारी समाधिस्थ झाले. संतांच्या पायाची धूळ लागावी म्हणून त्यांनी पायरीची जागा मागून घेतली. आपण दर्शनास जाताना त्या पायरीवर पाय न देता डोके टेकतो, ते यासाठीच.

असे हे चरित्र. आता मुद्रेकडे येऊ.

नामदेवरायांनंतर सुमारे अडीचशे वर्षांनी, एकनाथ महाराजांच्या काळच्या आसपास, विष्णुदास नामा या नावाचा एक कवी महाराष्ट्रात होऊन गेला. त्याने महाभारताच्या पर्वांवर मराठीत ओवीबद्ध रचना केली, शुकाख्यानासारखी आख्याने लिहिली. कथा सांगण्याची त्याची हातोटी चांगली. याखेरीज नामा हे नाव धारण करणारे आणखीही कवी झाले. नामा पाठक हे नाव जुन्या पोथ्या पाहणाऱ्यांना परिचित आहे. तेव्हा नामे अनेक झाले हे खरे. त्यात भिण्यासारखे काय आहे? आपल्या एका दिंडीत चार तुकाराम आणि सहा ज्ञानेश्वर सापडतात. आईबाप संतांचीच नावे मुलांना ठेवतात. तेव्हाही ठेवीत.

घोटाळा झाला तो दुसऱ्याच कारणाने. विष्णुदास हे त्या कवीचे नाव. पण विष्णूचा दास अशा अर्थाने नामदेवराय स्वतःही आपल्याला विष्णुदास नामा म्हणवीत. म्हणून ही मुद्रा दिसली की तो दुसराच, असे म्हणता येत नाही. आणि नुसते नामा म्हणे आले की ते नामदेवरायांचेच, असेही म्हणता येत नाही. पूर्वी छापखाने नव्हते. अभंग बाडांत उतरून घेत. उतरणारा भाविक असे, पण संशोधक नसे. नामा दिसला की त्याने एका बाडात बांधला. शिवाय नामदेवांच्या प्रेमात बुडालेल्या कोणी एखाद्याने स्वतः अभंग केला आणि स्वतःचे नाव घालावयास लाजून नामयाचे घातले, असेही घडले असेल. ही चोरी नव्हे. चोर दुसऱ्याचे घेऊन आपले म्हणतो, याने आपले देऊन दुसऱ्याचे म्हटले. पण गाथा त्यामुळे फुगली. नामदेवांच्या सातशेव्या जयंतीच्या निमित्ताने १९७० साली महाराष्ट्र शासनाने श्रीनामदेव गाथा प्रसिद्ध केली, तिच्यात दोन हजारांहून अधिक अभंग आहेत, आणि कोणता कोणाचा याचा विचार अभ्यासकांना अजून करावा लागतो.

या गुंत्यामुळे थोर विद्वानही अडखळले. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी नामदेवांची मराठी ज्ञानोबारायांच्या मराठीहून बरीच अलीकडची वाटते, म्हणून नामदेवांचा काळ सुमारे शंभर वर्षे पुढे ओढावा, असे मत मांडले. भांडारकर विद्वान, प्रार्थनासमाजी आणि तुकोबांच्या अभंगांचे प्रेमी. त्यांच्या हेतूबद्दल शंका घेणे बरे नव्हे. पण एक गोष्ट आपण वारकरी स्वानुभवाने सांगू शकतो. ज्ञानेश्वरी ग्रंथरूपाने राहिली, आणि तिच्यातही पाठ बिघडले म्हणून नाथमहाराजांना शके १५०६, म्हणजे १५८४ साली ती शुद्ध करावी लागली. नामदेवांचे अभंग तर तोंडातोंडी राहिले. टाळकरी म्हणतो तसा शब्द वळतो. आजीच्या तोंडचा जुना शब्द नातवाच्या तोंडी नवा होतो, अभंग मात्र तोच. नदीचे पाणी बदलते म्हणून चंद्रभागा दुसरी होत नाही. तेव्हा नुसत्या भाषेवरून काळ ठरविणे धोक्याचे. जोडीला जुनी बाडे, प्रसंग आणि विषय पाहावे लागतात.

कोणी असेही म्हणतात की, पंजाबातले नामदेव वेगळेच. त्यांनी ती एकसष्ट पदे जरा उघडून पाहावीत. त्यांत विठ्ठलाचे नाव आहे. गज, कात्री, सुई-दोरा हा शिंप्याचा सरंजाम आहे. मुलाच्या हातचे दूध पिणारा देव आहे, आणि भक्ताला मागे हाकलले तेव्हा त्याच्याकडे तोंड फिरविणारे देऊळ आहे. आपल्या कीर्तनातल्याच या कथा, इतक्या दूर, दुसऱ्या भाषेत, दुसऱ्या पंथाच्या ग्रंथात! नाव सारखे असणे हा योगायोग होईल. पण नाव, देव, धंदा आणि कथा चारही जुळावीत, याला योगायोग म्हणणे आम्हांस पटत नाही.

मग विष्णुदास नाम्याचे काय? इथे आम्हांस आपल्याच मंडळींना दोन शब्द सांगावयाचे आहेत. त्याच्या ओव्या नामदेवांच्या म्हणून गाण्यात आपण नामदेवांना काही मोठे करीत नाही. ते मोठेच आहेत. त्या बिचाऱ्याचे मात्र आयुष्यभराचे श्रम आपण पुसून टाकतो. भारतासारखा समुद्र मराठीत आणावयाचा म्हणजे वर्षे घालवावी लागतात, दिव्याचे तेल जाळावे लागते. त्याच्या नावावर त्याचा ग्रंथ ठेवणे हा न्याय आहे. त्यात संतनिंदा नाही. आपल्या संप्रदायाने तर हा न्याय घरातच शिकविला आहे. दळण-कांडण करणाऱ्या जनाबाईचे अभंग नामदेवांच्या गाथेत बुडून जाऊ शकले असते. पण तिने नामयाची दासी म्हणवून घेतले तरी शेवटी जनी हे आपले नाव राखले, आणि आपणही ते राखले. दासीचे नाव राखले, तर कवीचे का राखू नये?

दुसऱ्या बाजूस, शोधकांनाही विनंती आहे. दोन नामे निघाले म्हणून पहिल्याचे अस्तित्वच धुके समजू नये. नामदेवांनी शतकोटी अभंगांची प्रतिज्ञा केली, ती अपुरी राहिली, आणि पुढे पांडुरंगासह स्वप्नात येऊन तुकोबारायांस उरलेले काम सांगितले, असे आपण मानतो. तुकोबांनी ते काम घेतले, पण मुद्रा आपली घातली. काम एकाचे पुढे दुसऱ्याने चालविले तरी कोण कोणता हे स्वच्छ राहू शकते, याला याहून मोठा दाखला नको.

आता मघाची राहिलेली कथा. मंगळवेढ्याच्या त्या ढिगाऱ्यात पुष्कळ मजुरांची हाडे एकत्र झाली होती. हाडांवर नाव लिहिलेले नसते, जात तर नसतेच. नामदेवराय एकेक अस्थी उचलून कानाशी धरीत, आणि जिच्यातून विठ्ठलनाम ऐकू येई ती चोखोबांची म्हणून पदरात घेत. त्या अस्थी पंढरीस आणून महाद्वारासमोर त्यांची समाधी बांधली. या कथेत एक गोष्ट आम्हांस फार लागते. सगळी हाडे चोखोबांचीच म्हणून गोळा करून आणणे सोपे होते. ओळखता येत नाही म्हणून तशीच टाकून परत येणेही सोपे होते. नामदेवांनी दोन्ही केले नाही. वाकले, एकेक उचलले आणि ऐकले.

त्यांच्या गाथेशी आपणही तसेच वागावे. सप्ताहात अभंग लागला तर मुद्रा कोणाची या वादाने वीणा खाली ठेवू नये. देवाचे नाव ज्यात आहे तो अभंग गावा. पण मुलांना शिकविताना, ग्रंथ छापताना, प्रवचनात प्रमाण देताना मात्र वाकावे, उचलावे, ऐकावे. जिथे नामदेवराय आहेत तिथे त्यांस वंदन करावे, जिथे विष्णुदास आहे तिथे त्याचे नाव आदराने घ्यावे. येत्या वारीस महाद्वारी त्या पायरीवर डोके टेकाल तेव्हा, ज्याच्या ओव्या आपण नकळत दुसऱ्याच्या म्हणून गाइल्या, त्या कवीचीही एकदा आठवण करा. पायरीस काही राग येणार नाही. सगळ्यांच्या पायाची धूळ घ्यावी म्हणूनच तर ते तिथे बसले आहेत.

पुंडलिक वरदा हरि विठ्ठल!